काटेचेंडूला पाणी

उद्यान खात्यातल्या माळीमामांच्या हाताला गुण आहे, हे कोणी सिद्ध करून दाखवलं नव्हतं. पण त्यावर शंका घेणारंही कोणी उरलं नव्हतं. खात्यातल्या बऱ्याच गोष्टी याच पायावर उभ्या होत्या. कचेरीत कोणाच्या टेबलावरची कुंडी मान टाकू लागली की शिपाई ती उचलून मामांच्या शेडमध्ये आणून ठेवी. त्या शेडला सगळे दवाखाना म्हणत. कुंडीत विझवलेल्या सिगारेटी, कुंडीत ओतलेला गार चहा, बांधल्यापासून न उघडलेली खिडकी, असे कचेरीतले सगळे रोग मामांनी पाहिले होते. उपचार मात्र एकच, पाणी आणि काढा. काढा म्हणजे कुजका पाला, शेण आणि पेंड पिंपात भिजत घालून तयार केलेला एक काळा प्रकार. त्याच्या वासानं माणसं शेडपासून लांब राहत आणि झाडं, मामांच्या म्हणण्याप्रमाणे, बाळसं धरत. काही दिवसांनी कुंडी परत जाई, तेव्हा ती आपलीच आहे हे मालकाला पटवून द्यावं लागे.

मामा मिसरूड फुटत होतं तेव्हा पाणक्या म्हणून खात्यात लागले. पुढे माळी झाले, मग मुकादम. शिक्षण बेताचं, पण एक वाक्य त्यांनी स्वतः तयार केलं होतं आणि ते आयुष्यभर पुरवून वापरलं. "झाड तोंडानं मागत नाही. आपण ओळखायचं." नवा माणूस कामावर आला की त्याला खुरप्याबरोबर हे वाक्यही मिळे.

"आणि मी तोंडानं मागते, तर ओळखसुद्धा दाखवत नाहीत," मामी म्हणे. मामी म्हणजे मामांची बायको. सगळे त्यांना मामा म्हणू लागले तेव्हा तिचं मामी होणं ओघानंच आलं. तिला कोणी विचारलं नव्हतं.

नोकरी सरत आली तेव्हा, म्हणजे माणसाला सोपं काम द्यावं पण ते सोपं आहे असं त्याला कळू देऊ नये अशा वयात, मामांची नेमणूक जुन्या खाणीवर झाली.

वस्ती संपते तिथं, मामांच्या शेडपासून हाकेच्या अंतरावर, ही दगडाची खाण होती. दगड संपल्यावर ठेकेदार गेले आणि मागे एक उतार राहिला, दिवसभर उन्हाकडे तोंड करून पडलेला. माती म्हणावी तर तिथं नव्हतीच. कपच्या, मुरूम आणि दगडाची भुकटी. पाणी पडलं की थांबायचं नाही, घसरून खाली जायचं. अशा जागी काही उगवणं हाच आगाऊपणा. पण तिथं एका जातीचा काटेचेंडू उगवत असे. आधी नुसती पानं, जमिनीला चिकटून गोल पसरलेली, वरून राखाडी, खालून पांढऱ्या लवेची, कडांना काटे. मग मधूनच एक ताठ दांडा, आणि त्याच्या टोकाला लिंबाएवढा निळा चेंडू, चहूबाजूंनी टोकदार. फूल म्हणावं तर हात लावू देत नाही, आणि शस्त्र म्हणावं तर मधमाश्या त्यावर लोळतात.

ही जात या उताराखेरीज आसपास कुठंही नाही, असं वनस्पती संस्थेतल्या एका बाईंनी शोधून काढलं होतं. माळ्यांनी त्यांचं नाव काटेबाई ठेवलं. बाईंना ते कळलं होतं, पण त्यांनी मनाला लावून घेतलं नाही. काट्याची सवय होती. बाईंनी वर्षानुवर्षं खेटे घालून उताराला तारेचं कुंपण मंजूर करून घेतलं, कारण वस्तीतल्या शेळ्या तिथं चरायला येत. कुंपण लागलं त्या दिवशी शेळीवाली म्हातारी बाहेर उभी राहून म्हणाली, "आजवर कुंपणाला काटे लावलेले बघितले होते. काट्याला कुंपण आजच बघितलं."

सूत्रं हाती देताना बाई मामांना घेऊन उतारावर गेल्या. थंडी सरत होती. चेंडू सुकून गेले होते, पानं जमिनीवर पडून होती.

"मामा, याला काही करायचं नाही."

"काही म्हणजे?"

"काही म्हणजे काहीच. पाणी नको, खत नको, खुरपणी नको. कोणी उपटून नेत नाही ना, एवढंच बघायचं."

"उन्हाळ्यातसुद्धा?"

"उन्हाळ्यात तर मुळीच नाही. याला असंच आवडतं. उन्हात, दगडात, उपाशी."

"आवडतं," मामा म्हणाले. ते होकार देत होते की नुसते शब्द चाखून बघत होते, हे बाईंना कळलं नाही. त्या दूरच्या एका केंद्रावर जायला निघाल्या होत्या आणि पुढच्या थंडीशिवाय परतणार नव्हत्या.

इथं मामांची बाजू समजून घेतली पाहिजे. ज्या घरात ते वाढले, तिथं 'नको' हे उत्तर नसे, ती सुरुवात असे. पाहुणा नको म्हणायचा, मग वाढायचं. तो हात आडवा धरायचा, मग हाताच्या कडेनं वाढायचं. तो उठायला लागला की शेवटचं वाढायचं. अमक्याला उपाशी राहायला आवडतं असं कोणी सांगितलं, तर सांगणारा चिक्कू असतो किंवा तो अमका फार भिडस्त असतो, एवढं त्यांना आयुष्यानं शिकवलं होतं. बाई चिक्कू नव्हत्या. म्हणजे काटेचेंडू भिडस्त असणार.

तरी मामांनी काही दिवस कळ काढली. शेडमधली खुर्ची आणून उताराच्या पायथ्याशी मांडली आणि हात मांडीवर ठेवून बसले. रिकाम्या हातांचं काय करायचं हे त्यांना माहीत नव्हतं. ते हात दिवसभर एकमेकांची नखं कोरत बसत. ऊन वाढलं. पानं आक्रसली, धुळीनं माखली, कडा करपल्या. घरी मामांना घास गोड लागेना.

"बरं नाही का?" मामीनं विचारलं.

"मला काय धाड भरलीय? ती पोरं तिकडं तडफडतायत."

"कुठली पोरं?"

"काटेचेंडू."

मामीनं भाजीचं भांडं पुढे सरकवलं. "बाईंनी पाणी घालू नका सांगितलंय ना?"

"बाई शिकलेल्या आहेत. त्यांना पुस्तकातलं झाड माहीत. समोर तहानलेलं झाड दिसतंय आणि मी बघत बसू?"

"सांगितलंय तसं करावं माणसानं एकदा तरी," मामी म्हणाली. "हौस म्हणून."

दुसऱ्या दिवशी सकाळी मामांनी पाण्याच्या टाकीच्या नळाला रबरी पाइप जोडला. थोडंसंच, ओठ ओले होण्यापुरतं, असं त्यांनी मनाशी ठरवलं होतं. पण पाणी पडताच पानं अशी काही टवटवली, की 'बघा, म्हटलं नव्हतं?' असं मामा मोठ्यानं बोलले. ऐकायला कोणी नव्हतं. मग रोजच पाणी सुरू झालं. मग पाण्यामागून काढा आला. मुरमात काढा टिकत नाही, म्हणून नर्सरीतली पोयटा माती आली, आणि मामांनी पोटच्या पोराला दुलई घालावी तशी ती प्रत्येक रोपाभोवती घातली. पाइप जिथवर पोचत होता तिथवर उतार काळाशार झाला. अगदी वरच्या अंगाला पाइप पुरेना, गुडघाही साथ देईना. तिथल्या रोपांची मामांना मनापासून कीव येई.

काटेचेंडू वाढले. एवढे वाढले की पावसाळ्यापर्यंत कमरेला लागले. पानं तळव्याएवढी रुंद, राखाडी रंग जाऊन कोवळा पोपटी आलेला. फक्त त्यांना उभं राहता येईना. दांडे पोकळ होऊन कलंडू लागले, तेव्हा मामांनी प्रत्येकाला बांबूची काठी दिली आणि सुतळीनं बांधलं. सबंध उतार कुबड्या घेऊन उभा राहिला.

अशाच एका सकाळी दांडा बांधताना मामांची मूठ एका पानावर पडली. त्यांनी सवयीनं हात झटकला, आणि मग त्यांच्या लक्षात आलं, की काही टोचलंच नाही. त्यांनी मुद्दाम दाबून पाहिलं. काटा वाकला. जवळच्या दुसऱ्या पानाचाही वाकला. मामा बराच वेळ ते पान हातात धरून बसले. गावात ज्याच्या मिशीला सगळे दबून असतात असा माणूस, त्याला कोणाच्या तरी दारात हात पसरून उभा असलेला पाहावा, आणि त्याला तिथं आणून उभं केलं ते आपणच, तसं काहीसं त्यांना वाटलं. त्यांनी पान हळूच सोडलं आणि इकडंतिकडं पाहिलं.

पाणी त्या दिवशी बंद झालं. पण तोवर पाऊस सुरू झाला होता, आणि मामांच्या पोयट्यानं तो सगळा प्यायला. पूर्वी घसरून जाणारं पाणी आता मुळाशी तळ देऊन बसलं. पाऊस ओसरला तेव्हा एक दांडा सरळ करायला म्हणून मामांनी धरला, आणि तो सबंध उपटून हातात आला. खाली मूळ नव्हतं. मूळ होतं तिथं एक काळी, बुळबुळीत वात होती आणि तिला काढ्याचाच वास येत होता. दुसरं धरलं, तेही आलं. तिसरं धरायचं धाडस त्यांना झालं नाही.

मामांनी ती रोपं शेडमागे नेऊन पुरली. माती सारखी केली, वर पालापाचोळा पसरला. आजवर शेडमध्ये मेलेल्या कुंड्या त्यांनी उघड्यावर टाकल्या होत्या. कुठल्या डॉक्टरच्या हातून माणूस जात नाही? पण हे पुरताना ते तिसऱ्यांदा मागे वळून पाहत होते.

हळूहळू बाकीचीही आडवी झाली आणि मेलेल्यांच्या जागा गवतानं घेतल्या. पोयटा माती, ओल, शेळ्यांना बंदी; गवताला आणखी काय हवं असतं? थोड्याच दिवसांत उतार मऊ, दाट, डोळ्यांत भरणारा हिरवागार झाला. तारेपलीकडून शेळ्या आणि म्हातारी रांगेनं उभ्या राहून बघत. "ताट वाढून ठेवलंय आणि दाराला कुलूप," म्हातारी म्हणे. "पाप लागेल हो तुम्हाला." मामांना पापाचा निराळा हिशेब ठाऊक होता.

अशात खात्याचे साहेब तिथून चालले होते. गाडी थांबवून ते उतरले.

"मामा! अहो, चमत्कार! मुरमावर हिरवळ!"

"साहेब, ते गवत आहे."

"तेच म्हणतोय मी!"

"काटेचेंडू जरा..."

"असतील की आत कुठेतरी." साहेबांनी कमरेवर हात ठेवून उताराकडे पाहिलं. "संस्थेची माणसं इतकी वर्षं बसली होती, काय केलं? उजाड माळ ठेवला. तुम्ही एका वर्षात बाग केलीत. हाताला गुण लागतो, दुसरं काय."

साहेब गेल्यावर मामांनी तो हात उलटसुलट करून पाहिला. त्यात काही वेगळं दिसलं नाही.

ही बातमी कचेरीत पसरली. लोक सुट्टीच्या दिवशी मुलाबाळांना घेऊन उतार बघायला येऊ लागले. जो तो मामांची पाठ थोपटे. शिव्या खाऊन माणूस घरी जाऊन जेवू तरी शकतो. मामांना रोज शाबासकी गिळावी लागत होती आणि ती पचत नव्हती. एकदा त्यांनी धीर करून बाईंना फोन लावला.

"बाई, तब्येत बरी ना?"

"माझी? बरी आहे की. काटेचेंडू कसे आहेत?"

"आहेत," मामा म्हणाले.

हे अगदीच खोटं नव्हतं. वरच्या अंगाला, जिथं पाइप पोचला नव्हता, तिथं काही उभे होते. बुटके, राखाडी, ताठ, आणि हात लावला तर रक्त काढणारे. ज्यांची मामांनी कीव केली होती तेवढे वाचले होते. इतका स्वच्छ पुरावा कोर्टातसुद्धा मिळत नाही. मामा त्या दिवसापासून वरच्या अंगाला नजर टाकेनासे झाले.

मग साहेबांनी ठरवलं, की मामांचा निरोपसमारंभ त्या हिरव्या उतारावरच करायचा, आणि प्रमुख पाहुण्या म्हणून काटेबाईंना बोलवायचं. "त्याही बघू देत, काम कसं असतं ते." समारंभाचा दिवस नेमका काटेचेंडूला फुलं येण्याच्या दिवसांत धरला होता.

आदल्या दिवशी दुपारी मामी डबा घेऊन शेडवर आली तेव्हा मामा तिथं नव्हते. ती उतारावर गेली. मामा गवतात गुडघे टेकून बसले होते. शेजारी बारीक तारेचं भेंडोळं, पक्कड आणि टोपलीत निळे चेंडू. रिकाम्या राहिलेल्या बांबूच्या काठ्यांना ते एकेक चेंडू तारेनं बांधत होते.

मामीला कळायला वेळ लागला. मग तिनं वर पाहिलं. वरच्या अंगाला ताठ दांडे होते. त्यांना डोकी नव्हती.

"ते वाचलेले होते ना?" ती म्हणाली.

मामांनी पकडीनं तार आवळली.

"त्यांचं बी धरायचं होतं अजून."

"एक आहे," मामा म्हणाले. "कपारीत. तिथवर मला चढता आलं नाही."

"म्हणजे तो गुडघ्यानं वाचवला. तुम्ही नाही." मामीनं डबा गवतात ठेवला. "नवरा मेलाय, आणि तुम्ही काठीला फेटा बांधून बोहल्यावर उभी करताय. कोण फसणार आहे, हो? साहेब? साहेबांना तर आधीपासूनच दिसत नाही. बाईंना फसवणार?"

"सोडून टाकू?"

"आता सोडून काय? कापलेलं डोकं परत बसतं का?" ती निघाली. थोडं पुढे जाऊन वळली. "जेवून घ्या. रिकाम्या पोटी खोटं नीट बांधलं जात नाही."

मामा जेवले नाहीत. पण बांधायचं त्यांनी थांबवलंही नाही, आणि हे पुढे त्यांना सगळ्यात जास्त खुपलं.

समारंभाला गवतावर खुर्च्या मांडल्या होत्या. फोटोग्राफर होता. बाई आल्या त्या प्रवासाच्या कपड्यांतच. त्यांनी उताराकडे एकदा पाहिलं, आणि मामांनी त्यांच्याकडे. बाईंच्या चेहऱ्यावर काही हललं नाही. त्या खुर्चीवर न बसता सरळ गवतात शिरल्या. मामा दोन पावलं मागे, चपराशासारखे. एका काठीपाशी बाई थांबल्या, वाकल्या, चेंडूला खालून बोट लावलं. तार त्यांच्या बोटाला लागली असणार. बोट तिथंच थांबलं.

"बाई, इकडे बघा, एक फोटो!" फोटोग्राफर ओरडला. "मामा, तुम्हीही या. फूल मध्ये घ्या!"

मामांना वाटलं, आता बाई बोलतील. बोलावं. सगळ्यांसमोर तोंडावर सांगावं. बाईंनी बोटानं तो चेंडू अलगद फिरवला, गुंडाळलेली तार मागच्या बाजूला गेली, आणि त्या फोटोसाठी सरळ उभ्या राहिल्या.

त्या फोटोत मामांनी मान खाली घातलेली आहे. फोटो कचेरीत लावला तेव्हा खाली 'विनम्र सेवा' असं लिहिलं गेलं.

भाषणं झाली. सहकाऱ्यांनी वर्गणी काढून एक भेट आणली होती, चकचकीत मुलामा दिलेली पाण्याची झारी. टाळ्या झाल्या. मामांना दोन शब्द बोलायला उभं केलं. ते झारी पोटाशी धरून उभे राहिले.

"या हाताला गुणबिण काही नाही," ते म्हणाले.

लोक कौतुकानं हसले.

"बाईंनी मला सांगितलं होतं, काही करू नका. पाणीसुद्धा घालू नका. नुसतं बसा." त्यांनी झारी खाली ठेवली. "मी ऐकलं नाही. मी रोज पाणी घातलं."

"सुट्टीच्या दिवशीसुद्धा?" मागून कोणीतरी ओरडलं.

"सुट्टीच्या दिवशीसुद्धा," मामा म्हणाले.

टाळ्यांचा कडकडाट झाला.

"अहो, ऐका! मारलं मी त्यांना! हे गवत आहे नुसतं..." पण साहेब उठून उभे राहिले होते आणि साहेब उठले म्हणून सगळे उठले. "बघा," साहेब डोळे टिपत म्हणाले, "काम करायला नको असं सांगितलं तरी काम करणारा माणूस. अशी माणसं आता राहिली नाहीत." टाळ्या पुन्हा सुरू झाल्या. सगळ्या गर्दीत दोघीच टाळ्या वाजवत नव्हत्या. एक काटेबाई आणि दुसरी मामी.

खाणंपिणं उरकून लोक पांगले. मामा खुर्च्या गोळा करत होते; ते काम त्यांचं नव्हतं, पण हातांना काहीतरी हवं होतं. बाई शेडच्या पायरीवर बसल्या होत्या. मामा समोर जाऊन उभे राहिले.

"मुळं कुजली?" बाईंनी विचारलं.

"कुजली."

"माती कुठली घातली?"

"नर्सरीतली. पोयटा."

बाईंनी डोळे मिटून घेतले. "आणि ती डोकी वरच्यांची?"

मामांनी मान हलवली. ती होकाराची होती हे दिसायला वेळ लागला.

बाईंनी उताराभोवतीच्या तारेकडे पाहिलं. मग म्हणाल्या, "कुंपण मी घातलं. शेळ्या काटेचेंडूला तोंड लावत नव्हत्या, गवत खात होत्या. हे मला सुचायला हवं होतं. थोडी चूक माझीही आहे, मामा."

एखाद्यानं बुडत्याला हात द्यावा तसं ते वाक्य होतं. मामांनी तो हात धरला नाही. "तुमचं तुमच्याकडे असू द्या, बाई. माझ्यात नका मिसळू. माझं जे आहे ते तुमच्यानं हलकं होणार नाही."

"मग काय करायचं म्हणता?"

"तुम्ही सांगा. या वेळी जेवढं सांगाल तेवढंच करीन."

बाईंनी सांगितलं. गवत शेळ्यांना द्या. घातलेली माती शेवटच्या खड्यापर्यंत काढा. खाली जुनं बी असेल. असेलच असं नाही. कपारीतल्या त्या एकाचं बी वाऱ्यानं खाली येईल. येईलच असं नाही. आणि मग काही करू नका.

"काही म्हणजे काहीच," मामा म्हणाले.

दुसऱ्या दिवसापासून मामा निवृत्त होते आणि त्याच सकाळी ते खाणीवर हजर झाले. शेळीवालीला फाटक उघडून दिलं. "आली ना अक्कल?" म्हणत ती आत शिरली. मामा म्हणाले, "आली. उशिरा आली." तिला भांडायची तयारी करून आल्यावर असं उत्तर मिळालं, त्यामुळे ती दिवसभर खट्टू होती. गवत संपल्यावर मामांनी घमेलं घेतलं. जी माती दुलईसारखी पांघरली होती, ती नखानं खरवडून काढायची होती. घमेलं डोक्यावर, गुडघा कुरकुरतोय, आणि उतरणीवर आपलाच काढा आपल्या मानेवरून ओघळतोय. काही दिवसांनी मामी आली, चाळणी घेऊन. खड्यांमधून माती चाळायला बसली. "घरात एकटीला करमत नाही," ती म्हणाली. त्या लग्नात इतकं गोड वाक्य क्वचितच बोललं गेलं असेल.

उतार पुन्हा उघडा पडला. आणि लोकांना तो दिसला.

फिरायला येणारे थांबून विचारू लागले. "अहो, इथं किती सुंदर हिरवळ होती! कोणी वाट लावली?"

"मी," मामा म्हणत.

"तुम्ही? मग पाणीबिणी घाला की!"

एकदा साहेबही आले. त्यांनी गाडीतून उतरायचे कष्ट घेतले नाहीत. काच खाली केली. "मामा, काय हे? निवृत्त झालात आणि हात आखडलात का? सबंध बागेचा उकिरडा केलात." मामा उभे राहून ऐकत होते. आधीची शाबासकी जशी त्यांची नव्हती, तशी ही बोलणीही खरं म्हणजे त्यांची नव्हती. पण ही त्यांनी निमूटपणे घेतली. निदान ही अंगाला लागत होती. कचेरीतल्या कुंड्या आता कोणी त्यांच्याकडे आणीत नाही. मामांचा हात गेला, असं सगळे म्हणतात. मुलामा दिलेल्या झारीत मामीनं चमचे ठेवले आहेत.

पावसात काही उगवलं नाही. थंडी आली, गेली. कपारीतला तो एक फुलला, सुकला, एका वाऱ्यात फुटून त्याचं बी कुठं गेलं ते मामांना दिसलं नाही. बाई अधूनमधून फोन करत. "काय आहे?" "काही नाही, बाई." आता हे वाक्य तरी खरं होतं.

दुसऱ्या पावसानंतर, कपच्यांमध्ये, बोटाच्या पेराएवढं काहीतरी दिसलं. मामांनी चष्मा पुसून पाहिलं. दोन पानं, मग चार, जमिनीला चिकटून गोल. राखाडी. त्यांनी हात लावला नाही. बाईंना फोन केला, आणि "आहे" एवढंच म्हणाले.  पलीकडून बाईंनी विचारलं, "टोचतं का?"

"हात लावून बघितलं नाही."

"लावू नका."

मग उन्हाळा आला. मामा पायथ्याशी खुर्चीवर बसले होते. हात मांडीवर. दुपार डोक्यावर होती, दगड तव्यासारखे तापले होते. ते इवलंसं रोप आक्रसलं, पानांच्या कडा वळल्या, एक पान करपून काळं पडू लागलं. तोंडानं ते काही मागत नव्हतं. मामांच्या पायाशी पिण्याच्या पाण्याची बाटली होती, अर्धी भरलेली. त्यांचा हात आपण होऊन तिकडं गेला. बाटली उचलली, झाकण फिरवलं, आणि ते खुर्चीतून उठलेसुद्धा. रोप चार पावलांवर होतं.

"काय हो मामा," शेळीवाली कुंपणापलीकडून ओरडली, "घाला की घोटभर त्या बिचाऱ्याला! एवढे कसे दगड झालात?"

मामा तिथंच उभे राहिले. मग त्यांनी बाटली तोंडाला लावली आणि, तहान मुळीच लागलेली नसताना, शेवटच्या थेंबापर्यंत सगळं पाणी स्वतः पिऊन टाकलं.